आदिवासी नजरेनं बायबल वाचायचं आहे? सोलापुरात अशी सुरुवात करा

आदिवासी दृष्टीनं बायबल वाचायचं म्हणजे नेमकं काय करायचं, असं नवे लोक विचारतात. माझं उत्तर एका प्रश्नात येतं: ज्याची जमीन गेली आणि ज्याच्या नावाला बट्टा लागला, त्याच्या शेजारी बसून ही गोष्ट ऐकली तर ती कशी ऐकू येते? कुठलं भाषांतर घ्यायचं, कुठून सुरू करायचं, कोण बोलणार, कधी बसायचं, हे सगळं या प्रश्नामागून येतं. तुम्ही मंडळीतले तरुण असाल, संडेस्कूल घेत असाल, नुकतेच पाळक म्हणून आला असाल किंवा ख्रिस्ती नसूनही कुतूहलानं वाचत असाल, तरी पुढच्या गोष्टी उपयोगी पडतील.

आधी आपलं गाव समजून घ्या

सोलापुरातल्या सेटलमेंट भागाला ते नाव का पडलं, हे आज आपल्याच पुष्कळ मुलांना ठाऊक नसतं. १८७१ साली इंग्रज सरकारनं गुन्हेगार जमाती कायदा केला. माणसानं काय केलं हे न बघता तो कोणत्या जमातीत जन्मला यावरून त्याला गुन्हेगार ठरवणारा तो कायदा. पुढे पारधी, कैकाडी, टकारी, कंजारभाट अशा लोकांना कुंपणाच्या आत वसवलं, रोजची हजेरी लावली, परवानगीशिवाय बाहेर जायला बंदी केली. गिरण्यांना कामगार हवेच होते, तेही इथून मिळाले. देशपातळीवर हा कायदा ३१ ऑगस्ट १९५२ रोजी रद्द झाला, म्हणून तो दिवस विमुक्त दिन म्हणून पाळतात.

ख्रिस्ती वाचकानं यातली एक गोष्ट नजरेआड करू नये. सोलापूरच्या या वसाहतीचा कारभार काही काळ अमेरिकन मराठी मिशनच्या हाती होता. मिशननं तिथं शाळा चालवल्या, त्यातून माणसं शिकली, हे खरं. पण काहींच्या आजोबा-पणजोबांना बायबल आणि हजेरीचं रजिस्टर एकाच हातातून दिसलं, हेही तितकंच खरं. वस्तीत बायबल घेऊन जाताना हे माहीत असलं पाहिजे. कुणी तोंडावर बोलून दाखवलं तर सफाई देत बसू नका, ऐकून घ्या.

आणखी एक खुलासा इथंच करतो. सोलापूर म्हणजे नंदुरबार किंवा गडचिरोली नव्हे, डोंगरदऱ्यांतली आदिवासी गावं इथं नाहीत. इथं जिल्हाभर विखुरलेल्या फासेपारध्यांच्या वस्त्या आहेत. फासेपारधी अनुसूचित जमातींच्या यादीत येतात. कैकाडी, टकारी, कंजारभाट विमुक्त जातींत मोडतात. सगळ्यांना एकाच ‘आदिवासी’ पिशवीत कोंबू नका. ज्यांच्यासोबत वाचणार त्यांना ते स्वतःला काय म्हणवतात ते विचारा आणि तेच नाव वापरा.

हा विचार आला कुठून

आदिवासी ईश्वरविज्ञान, म्हणजे आदिवासींच्या अनुभवातून देवाविषयी केलेला विचार, ही आपल्याकडची नवी टूम नाही. छोटा नागपुरात, म्हणजे आजच्या झारखंडात, गोस्नर मिशनचे जर्मन मिशनरी १८४५ साली पोचले. तिथल्या उराँव, मुंडा लोकांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला तेव्हा त्यांच्यापुढचा सगळ्यात मोठा प्रश्न जमिनीचा होता. बिरसा मुंडा काही वर्षं चाईबासाच्या मिशनशाळेत शिकला, पुढे मिशनपासून दूर गेला आणि १८९९-१९०० मध्ये त्यानं उलगुलान म्हणजे मोठा उठाव उभारला. त्यानंतर १९०८ मध्ये आदिवासींच्या जमिनीला संरक्षण देणारा छोटा नागपूर कुळकायदा झाला, आणि त्याच्या घडणीत योहान हॉफमन या जेझुइट धर्मगुरूचा हात होता. श्रद्धा आणि सातबारा यांचा तिथला संबंध असा जुना आहे.

त्याच मातीतले निर्मल मिंझ. उराँव समाजातले हे ल्यूथरन बिशप. त्यांनी १९७१ साली रांचीत गोस्नर कॉलेज सुरू केलं, कुडुख या आपल्या भाषेसाठी आयुष्यभर काम केलं. आदिवासी माणसानं देवाविषयी विचार करताना स्वतःची भाषा आणि स्वतःची मूल्यं दाराबाहेर ठेवू नयेत, असं त्यांचं म्हणणं. ईशान्येत जोरहाटच्या ईस्टर्न थिऑलॉजिकल कॉलेजभोवती असाच विचार वाढला. आओ नागा समाजातले वाती लोंगचर सांगतात की पाश्चात्त्य ईश्वरविज्ञान इतिहासाच्या, काळाच्या रेषेवर चालतं, तर आदिवासी विचार भूमीपासून निघतो. माणूस, पूर्वज, देव, सगळ्यांचं नातं भूमीतूनच कळतं. मिझो अभ्यासक थनजाउवा यांनी समूहाला मध्यभागी ठेवलं. स्वतःआधी दुसऱ्याचं बघायचं, हे मिझो समाजाचं जुनं मूल्य त्यांना ख्रिस्ताच्या वागण्यात दिसलं.

चौथं नाव अमेरिकेतल्या ओसेज जमातीच्या रॉबर्ट ॲलन वॉरियर यांचं. १९८९ मध्ये त्यांनी एका लेखात अडचणीचा प्रश्न विचारला. निर्गमाची गोष्ट गुलामांच्या सुटकेची म्हणून आपण प्रेमानं वाचतो, पण सुटलेले लोक ज्या देशात गेले तिथं आधीपासून राहणाऱ्या कनानी लोकांचं काय? अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांना त्या गोष्टीत आपण कनानी वाटतो. हा प्रश्न पुढे आपल्याला लागणार आहे.

सोलापूरच्या मंडळ्यांमध्ये दलित ईश्वरविज्ञान जास्त ओळखीचं आहे, आणि ते साहजिक आहे. अरविंद निर्मल यांनी १९८०च्या दशकात ते मांडलं. दोघांत भाऊबंदकी नाही, पण सुरुवात वेगळी आहे. दलित वाचन जातीनं केलेल्या अपमानापासून निघतं, आदिवासी वाचन भूमी आणि समूह तुटण्यापासून. सेटलमेंटमध्ये या दोन्ही वाटा एकमेकींना मिळतात.

पुस्तक आणि कान

बायबल सोसायटीचं ‘पवित्र शास्त्र’ बहुतेकांच्या घरी असतं, तेच घ्या. सोबत दुसरं एक भाषांतर ठेवा. पंडिता रमाबाईंनी मूळ हिब्रू आणि ग्रीकवरून, साध्या माणसाला कळावं म्हणून केलेलं भाषांतर आहे. फादर फ्रान्सिस दिब्रिटोंचं ‘सुबोध बायबल’ आजच्या मराठीत आहे. सोलापूरच ते, त्यामुळे मंडळीत तेलुगू बायबल वाचणारं कुणीतरी असतंच. त्यांनाही वाचू द्या.

पण वस्तीतल्या बैठकीत पुस्तकापेक्षा कानाचं काम मोठं. एकानं उतारा सावकाश, मोठ्यानं दोनदा वाचावा. मग पुस्तक मिटावं आणि वस्तीतल्याच कुणीतरी तीच गोष्ट स्वतःच्या बोलीत सांगावी. पारधी बोली गुजरातीच्या जवळची आहे, तुम्हाला ती निम्मीच कळेल. कळू नये तेवढं बरं, कारण मग तुम्ही मध्ये बोलत नाही. सांगणारी व्यक्ती कुठं थांबली, काय वाढवलं, काय गाळलं, त्यावरून चर्चा आपोआप सुरू होते. शब्द तपासायचे असतील तर ते नंतर.

काय वाचायचं

उत्पत्तीच्या पहिल्या अध्यायापासून सुरू करायचा मोह आवरा. पहिल्या बैठकीला योहान ९ घ्या. जन्मांध माणसाला बघून शिष्य विचारतात, पाप कुणी केलं, यानं की याच्या आईबापांनी? येशू दोन्ही नाकारतो. ‘जन्मजात गुन्हेगार’ हा शिक्का पिढ्यान्‌पिढ्या सोसलेल्या घरात या उत्तराचं वजन वेगळंच पडतं. जोडीला यहेज्केल १८ आहे: बापानं आंबट द्राक्षं खाल्ली आणि मुलांचे दात आंबले, ही म्हण यापुढे चालणार नाही, असं देव तिथं बजावतो. वधस्तंभावर येशूच्या दोन्ही बाजूंना गुन्हेगार होते आणि त्यालाही अपराध्यांत धरलं होतं, हे पुढे शुभवर्तमानात येईलच.

दुसऱ्या बैठकीला १ राजे २१, नाबोथाचा मळा. अहाब राजा मोबदला देऊ करतो, याहून चांगला मळा देतो म्हणतो किंवा रोख पैसे. नाबोथ म्हणतो, वाडवडिलांची जमीन मी देणार नाही. मग राजाची बायको ईजबेल पत्रं धाडते, दोन खोटे साक्षीदार उभे राहतात, रीतसर सभा भरते आणि नाबोथाला दगडांनी मारतात. वाचणाऱ्याला काही समजावावं लागत नाही. एकच करा, खोट्या साक्षीच्या भागापाशी थोडं थांबा. गावात चोरी झाली की आधी पारध्याचं पाल तपासायचं, हा अनुभव असलेली माणसं तिथंच बोलू लागतात.

मग अनुवाद २६ (अनुवाद हे बायबलच्या जुन्या करारातलं एक पुस्तक). पहिलं पीक देवापुढं आणताना शेतकऱ्यानं काय म्हणायचं ते तिथं सांगितलंय: माझा मूळ पुरुष भटकणारा अरामी होता. स्थिर झालेल्या, धान्य पिकवणाऱ्या माणसानं दरवर्षी सगळ्यांसमोर कबूल करायचं की मी भटक्याचा मुलगा आहे! आपल्याकडे बार्शीपासून लातूर-धाराशिवपर्यंत वेळ अमावास्येला घरंच्या घरं शेतात जातात, भज्जी-आंबील नेतात, मातीला नैवेद्य दाखवतात. त्या सुमारास हा अध्याय काढला तर जमीनवाले आणि बिनजमिनीचे दोघंही त्यात स्वतःला शोधतात. जोडीला लेवीय २५:२३ वाचा. जमीन माझी, तुम्ही माझ्याकडे परके आणि उपरे आहात, असं तिथं देव म्हणतो.

एसावाची बैठक

ही मी सविस्तर सांगतो, कारण पद्धत इथं नीट दिसते.

संडेस्कूलमध्ये एसाव म्हणजे पोटासाठी ज्येष्ठपणाचा हक्क विकणारा अविचारी भाऊ, आणि याकोब म्हणजे निवडलेला. आता उत्पत्ती २५:२७ पासून पारधी वस्तीत वाचा. एसाव शिकारी आहे, रानात फिरणारा. मराठी बायबल त्याला सरळ पारधीच म्हणतं. याकोब तंबूत राहणारा. एसाव रानातून थकून, रिकाम्या पोटी येतो. याकोब भाकर आणि मसुरीचं वरण पुढं करतो, पण आधी शपथ घ्यायला लावून हक्क मागतो.

अशा एका बैठकीत नीट झाडलेल्या अंगणात बाया-माणसं बसली होती, एक पोरगं फोनवर तेच वचन लावून ऐकत होतं. गोष्ट सांगून झाल्यावर एक म्हातारी अक्का म्हणाली, “फासा रिकामा निघाल्यावर पाय कसे लटपटतात ते त्याला काय ठाऊक? भुकेल्याशी कुणी सौदा करतं व्हय?” वर्षानुवर्षं ऐकलेली गोष्ट तिनं एका वाक्यात दुसऱ्या बाजूनं उघडली. त्या दिवशी ‘अविचारी’ हा शब्द नंतर कुणीच वापरला नाही. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ साली आला आणि पिढीजात शिकार गुन्हा ठरली, यावरही बोलणं झालं. कायदा जंगलासाठी गरजेचा होता. पण ज्यांचं पोट त्या फाशावर होतं त्यांना बदल्यात काय मिळालं, हा प्रश्न हवेत राहिला. राहू द्यावा.

पुढच्या वेळी अध्याय २७ घ्या. आंधळा इसहाक, फसवून घेतलेला आशीर्वाद आणि एसावाचं मोठ्यानं रडणं: बाबा, तुमच्याकडे एकच आशीर्वाद होता का? इथं घाई करू नका. मग अध्याय ३३. वीस वर्षांनी याकोब घाबरत घाबरत परततो, एसाव चारशे माणसं घेऊन येतो आणि धावत जाऊन भावाच्या गळ्यात पडतो. याकोब म्हणतो, तुझं तोंड बघणं म्हणजे देवाचं तोंड बघण्यासारखं आहे. शिकाऱ्याच्या चेहऱ्यात देव दिसल्याची ही कबुली बायबलमध्येच आहे, पण प्रवचनांत ती क्वचित ऐकू येते.

अनुवाद २ आणखी पुढं जातं. देव इस्राएलाला बजावतो की एसावाच्या वंशजांच्या वाटेला जाऊ नका. सेईर डोंगर मी एसावाला दिला आहे, त्यातली पाऊलभर जमीनही तुम्हाला देणार नाही. म्हणजे शिकारी भावालाही देवानं जमीन दिली, आणि ती घ्यायला निवडलेल्या लोकांनाही मनाई आहे.

आता उलट बाजूची वचनंही वाचा. मलाखी १ मध्ये देव म्हणतो की मी याकोबावर प्रीती केली आणि एसावाचा द्वेष केला. इब्री १२ एसावाला भ्रष्ट म्हणतं. ही पानं लपवू नका, घाईघाईनं त्यांचं समाधानही करू नका. बायबलच्या आतच एसावाबद्दल वेगवेगळे आवाज आहेत, हे ऐकणाऱ्यांना दिसू द्या. हे पेलायला मोठी माणसं तयार असतात. बहुधा आपणच घाबरतो.

यहोशवाचं पुस्तक आलं की

कनानी लोकांना मारून जमीन घेण्याची आज्ञा अनुवाद ७ मध्ये आहे, यहोशवाच्या पुस्तकात तिची अंमलबजावणी. वॉरियर यांचा प्रश्न इथं भिडतो. काही शिक्षक हे अध्याय गाळतात, काही ‘ते लोक पापी होते’ म्हणून पुढं जातात. दुसरी वाट मला धोक्याची वाटते. अख्खा समाज पापी म्हणून त्याची जमीन घ्यायला हरकत नाही, हे तर्कशास्त्र सेटलमेंटच्या कुंपणाला अगदी बेतून बसतं.

मी सुचवतो ते असं. उतारा वाचा, अस्वस्थ व्हा आणि जोडीला बायबलमधलेच तीन आवाज ठेवा: वर सांगितलेला अनुवाद २, इस्राएली हेरांना लपवणाऱ्या कनानी राहाबेची गोष्ट आणि मत्तय १५. मत्तयात येशूपुढं आपल्या मुलीसाठी हट्ट धरणाऱ्या बाईला कनानीच म्हटलं आहे. येशू आधी तिला नाकारतो, तेही बोचणाऱ्या शब्दांत. ती मागे हटत नाही आणि येशू तिच्या विश्वासाला मोठा म्हणतो. जिच्या लोकांना संपवायची आज्ञा होती, तिचा विश्वास! यावर बाया बोलतात तेव्हा पुरुषांनी गप्प राहावं.

बैठकीची व्यवस्था

चर्चच्या हॉलमध्ये नको, वस्तीत बसा. गाळप हंगामात, म्हणजे दिवाळीपासून साधारण मार्चपर्यंत, बरीच घरं ऊसतोडीला किंवा मजुरीला बाहेर असतात. त्या काळात बैठक नियमित चालेल अशी अपेक्षा नको. संध्याकाळी स्वयंपाक उरकल्यावरची वेळ बायांना सोयीची. म्हाताऱ्यांना आधी बोलू द्या. तुमचे प्रश्न तीन-चारच असावेत: गोष्टीत उपाशी कोण आहे, जमीन कुणाची आहे, कोण बोलतंय आणि कुणाला बोलू दिलं नाही. उत्तर तुमच्या खिशात आधीच तयार असेल तर तो प्रश्न विचारू नका.

स्तोत्र ९१ मंडळीत सगळ्यांच्या तोंडी असतं. त्यात संकटाचं चित्र ‘पारध्याचा पाश’ असं आहे. समोर पारधी कुटुंबं बसलेली असताना ते नेहमीच्या सुरात म्हणून पुढं जाऊ नका. ऐकून त्यांना काय वाटतं ते विचारा.

गाण्याबद्दल थोडं. मिझोराममध्ये सुरुवातीच्या मिशनरी काळात ढोल चर्चबाहेर ठेवला होता. पुढे मिझो लोकांनीच तो उपासनेत आणला आणि आज तो तिथल्या गायनाचा कणा आहे. नारायण वामन टिळकांनी ख्रिस्ती उपासनेसाठी अभंग लिहिले, ते आपण अभिमानानं सांगतो. मग वस्तीची हलगी आणि वस्तीची चाल का नको?

वाटप, मदत, शाळाप्रवेश यांची गाठ बैठकीशी बांधू नका. मदत करायची तर जरूर करा, पण वेगळी करा, आणि जो कधी बैठकीला येणार नाही त्यालाही करा. आलेल्यांनी ख्रिस्ती व्हावं असा आडपडदा ठेवून वाचन करणं हा त्यांच्या विश्वासाचा अपमान आहे.

देवाचं गाठोडं आणि पूर्वज

पारधी घरांत देवीचे टाक जपून ठेवलेले असतात, गाठोड्यात किंवा पेटीत. जो ख्रिस्ती झाला त्यानं ते टाकायचे का, हा प्रश्न कधीतरी येणारच. मी ख्रिस्ताला प्रभू मानतो, त्यामुळे सगळं सारखंच असं मी म्हणणार नाही. पण बाहेरच्या माणसानं हुकूम सोडायचा हा विषय नाही. प्रेषितांची कृत्ये १५ सोबत वाचा: मोजक्या आवश्यक गोष्टी सोडल्या तर नव्यानं विश्वासात आलेल्यांवर आधीच्यांच्या चालीरीतींचं ओझं लादायचं नाही, असं यरुशलेमेतल्या सभेनं ठरवलं. त्याआधी कृत्ये १४ मध्ये लुस्त्राच्या लोकांना पौल सांगतो की देवानं कुठल्याच लोकांत स्वतःला साक्षीवाचून ठेवलं नाही. पाऊस आणि पीक देऊन तो बोलतच होता. त्या कुटुंबाच्या आठवणीत ही साक्ष कुठं आहे ते त्यांनाच शोधू द्या. निर्णय त्यांचा, आणि त्याला वेळ लागतो. पूर्वजांविषयी बोलताना इब्री ११ आणि १२ मधला साक्षीदारांचा मोठा मेघ हाताशी असू द्या.

कागदाचा प्रश्न

बैठकीत हा हमखास निघतो, तेव्हा नीट माहीत असू द्या. अनुसूचित जमातीचा दर्जा धर्मावर अवलंबून नाही. फासेपारधी कुटुंब केवळ ख्रिस्ती झालं म्हणून अनुसूचित जमातीतून बाहेर पडत नाही. अनुसूचित जातींचं तसं नाही. १९५०च्या राष्ट्रपती आदेशानुसार तो दर्जा हिंदूंपुरता होता, १९५६ मध्ये शीख आणि १९९० मध्ये बौद्ध त्यात आले. ख्रिस्ती अजून बाहेर आहेत. मंडळीतली वडीलधारी माणसं या दोन गोष्टींची गल्लत करतात आणि मग पारधी मुलं दाखल्यासाठी विनाकारण धर्म लपवतात. जातीचा दाखला आणि पडताळणी यांसाठी जुने पुरावे लागतात, आणि पालावर वाढलेल्या घरांत नेमके तेच नसतात. बैठकीतल्या एखाद्या शिकलेल्या मुलाला सोबत घेऊन आजोबांच्या शाळेचा दाखला, जन्मनोंद शोधायला मदत केलीत तर नाबोथाच्या अध्यायाची पुढची बैठक तहसील कचेरीच्या आवारातही भरू शकते.

जे बोललं जातं ते वहीत लिहून ठेवा, पण आधी विचारून. कुणाचं नाव घालायचं, कुणाचं नाही, हे त्यांनी ठरवायचं. फोटो आणि व्हिडिओ शक्यतो नकोच, पोलिसांच्या यादीत फोटो असण्याची आठवण काही घरांत अजून ताजी आहे. वहीची एक प्रत वस्तीतच राहू द्या. एवढे उतारे झाले की मार्क हातात घ्या, ते सगळ्यांत छोटं शुभवर्तमान आहे, आणि पहिल्या अध्यायातच येशू रानात, वनपशूंच्या सोबतीनं चाळीस दिवस राहतो. तिथून पुढं कोणता अध्याय घ्यायचा हे आता वस्तीलाच सुचवू द्या.